जखमेचे नाव कोणी ठेवावे?

वैद्य नाडी पाहतो तेव्हा त्याची तीन बोटे मनगटाच्या ज्या भागावर टेकतात, तेथे कातडीच्या अगदी जवळून एक धमनी वाहत असते. पुरुषाचा उजवा आणि स्त्रीचा डावा हात पाहण्याची जुनी रीत आपल्यापैकी पुष्कळांनी लहानपणी पाहिली असेल. तर्जनीखाली वात, मधल्या बोटाखाली पित्त, अनामिकेखाली कफ. वैद्यबुवा डोळे मिटून बसत आणि घरातील माणसे तोपर्यंत चकार शब्द काढीत नसत. आधुनिक शरीरशास्त्र या धमनीला रेडियल धमनी म्हणते. मनगटाच्या दुसऱ्या अंगाने, करंगळीच्या बाजूने, अल्नर धमनी येते. दोघी तळहातात उतरून दोन कमानींनी एकमेकींना मिळतात. उथळ कमान मुख्यतः अल्नरची, खोल कमान मुख्यतः रेडियलची. या योजनेमुळेच एकीचा मार्ग तुटला तरी पुष्कळदा दुसरी हाताला जगविते.

या धमनीला इजा होऊन रोगी अमेरिकेतील एखाद्या रुग्णालयात गेला, तर शल्यविशारद ती शिवतो, झाल्या कामाचे टिपण लिहितो, आणि मग त्या टिपणाचे सात स्थानांच्या एका चिन्हात रूपांतर होते: एस ६५.११२ए. यांतील ‘एस ६५’ म्हणजे मनगट व हात या पातळीवरील रक्तवाहिन्यांची इजा. पुढचा एक म्हणजे रेडियल धमनी. तेथे शून्य असते तर अल्नर झाली असती. त्यापुढचा एक म्हणजे छेद. दोन म्हणजे डावा हात. शेवटचे ‘ए’ म्हणजे इजेवरील प्रत्यक्ष उपचार चालू आहेत. हीच धमनी चार बोटे वर, कोपराकडे, कापली गेली असती तर ‘एस ६५’ जाऊन ‘एस ५५’ आले असते. कारण तो प्रदेश मनगटाचा नसून अग्रबाहूचा. रक्त तेच, वाहिनी तीच, नाव मात्र निराळे. भीमगडाच्या रानातून निघालेल्या म्हादईला आपण खाली आल्यावर मांडवी म्हणतो, त्यातलाच हा प्रकार.

रोग आणि मृत्यू यांची अशी नावनिशी करण्याचा खटाटोप जुना आहे. लंडनच्या मृत्युपत्रकांवरून जॉन ग्राँट याने १६६२ साली आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. जाक बर्तियों याची मृत्युकारणांची यादी १८९३ साली शिकागो येथील सभेत मान्य झाली. १९४८ पासून जागतिक आरोग्य संघटनेने हे काम आपल्याकडे घेतले. दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली आणि तिचे अमेरिकेने विस्तारलेले रूप तेथे १ ऑक्टोबर २०१५ पासून चालू आहे. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असली, तरी अमेरिकेतील देयके अद्याप दहावीच्याच भाषेत लिहिली जातात. तिच्यापूर्वीच्या पुस्तकात या जखमेला ९०३.२ एवढाच अंक होता, आणि त्या अंकाला डावा-उजवा हात ठाऊक नव्हता. आजच्या पुस्तकात सुमारे सत्तर हजार अंक आहेत. असो.

अमेरिकेतील जखमांच्या या हिशेबाशी आपल्या देवळारावळाच्या समाजाचा काय संबंध, असे वाचक विचारतील. संबंध आहे. हे चिन्ह लिहिणारा हात अनेकदा अमेरिकेत नसतो. तो हैदराबादेत असतो. मेडिकल कोडिंग हा त्या शहरातील एक मोठा व्यवसाय झालेला आहे, आणि आपल्या मराठी-कोकणी घरांतील मुलामुलींनीही त्यात पाऊल टाकले आहे. माझी एक भाची हेच काम करते. कोणत्या रोग्याचे काय झाले, हे ती घरी कधीही सांगत नाही. तसे सांगण्यास तिला बंदी आहे आणि बंदी नसती तरी तिने सांगितले नसते, असा तिचा स्वभाव. परंतु गेल्या गणेश चतुर्थीला आरती आटोपल्यावर ती माझ्याजवळ येऊन बसली आणि म्हणाली, “मामा, एक विचारू? समजा, डॉक्टरांनी लिहिले की फुटलेल्या काचेने डाव्या मनगटाची रेडियल धमनी कापली गेली. ती कशी, हे लिहिले नाही. शेवटी मात्र लिहिले की मानसोपचारतज्ज्ञांचा सल्ला घ्यावा. का, तेही लिहिले नाही. तर मी काय लिहावे?”

“तुझा नियम काय सांगतो?” मी विचारले.

“अपघात.”

“आणि तुझे मन काय सांगते?”

ती काही बोलली नाही.

तिचा प्रश्न नीट समजण्यासाठी थोडे खोलात जाणे भाग आहे. जखमेच्या अंकाबरोबर, ती कशामुळे झाली हे सांगणारा दुसरा अंकही लिहिता येतो. अमेरिकेत तो सर्वत्र सक्तीचा नाही. काही राज्ये आणि काही विमेवाले तो मागतात. काच लागली असेल आणि तो अपघात असेल तर डब्ल्यू २५. काचेने दुसऱ्याने इजा केली असेल तर एक्स ९९. स्वतःच स्वतःला केली असेल तर एक्स ७८. हेतू ठरविताच येत नाही असे असेल तर वाय २८. काच एकच, धमनी एकच, टाकेही तेच. चार अक्षरांत मात्र चार निरनिराळी आयुष्ये आहेत. यांपैकी कोणते अक्षर निवडावे याविषयी अमेरिकेच्या अधिकृत नियमावलीत स्पष्ट आज्ञा आहे: हेतू लिहिलेला नसेल तर तो अपघात धरावा. ‘हेतू अनिश्चित’ हा अंकसुद्धा कोडरने आपल्या संशयावरून लावावयाचा नाही; हेतू ठरविता येत नाही असे नोंदीतच म्हटलेले असले पाहिजे. म्हणजे येथे संशय घेण्यासदेखील अधिकार लागतो!

पहिल्या वाचनात हा नियम मला निव्वळ कारकुनी वाटला. डोळ्यांसमोर दिसते आहे ते न पाहण्याची ही एक सभ्य युक्ती आहे, असे मनात आले. सत्य जाणूनही असत्य लिहिणे आणि सत्याविषयी मौन धरून असत्य लिहू देणे, यांत अंतर ते किती? मग, आपल्याकडे असा प्रसंग आला की ज्या कथेचे स्मरण होते, तिचेच स्मरण झाले. कर्णपर्वात श्रीकृष्ण अर्जुनाला कौशिक ब्राह्मणाची गोष्ट सांगतो. चोरांच्या भीतीने पळालेली माणसे कोणत्या वाटेने गेली, हे कौशिकाने सत्यव्रताच्या अभिमानाने चोरांना खरे खरे सांगितले. माणसे मारली गेली आणि सत्यवादी कौशिक नरकात गेला. या कथेचा आधार घेऊन, दयेपोटी सत्य झाकण्यास हरकत नाही, असे आपण सहज म्हणून मोकळे होतो. भाचीलाही मी तेच सांगणार होतो. पण विचार करता ही कथा येथे लागू पडत नाही असे दिसले. कौशिकाने माणसे पळताना स्वतः पाहिली होती. माझ्या भाचीने काय पाहिले? तिने कागद पाहिला. हजारो किलोमीटरांवरचा तो माणूस तिने पाहिला नाही, त्याची काच पाहिली नाही, त्याचे घर पाहिले नाही. तिच्यापाशी ज्ञान नाही; अनुमान आहे. जे ज्ञानच नव्हे ते झाकल्याचा दोष तिला कसा लागावा?

येथे कथांपेक्षा आपले न्यायशास्त्र अधिक उपयोगी पडते. गौतमाने ज्ञानाची साधने चार मानली: प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द. शब्द म्हणजे कोणाचाही शब्द नव्हे. जो वस्तू जाणतो आणि जशी जाणतो तशी सांगू इच्छितो, त्या आप्ताचा शब्द. कोडरच्या धंद्यात या चारांपैकी तीन दारे बंद केलेली आहेत. तिने रोगी पाहावयाचा नाही, तर्क करावयाचा नाही, मागच्या एखाद्या रोग्याशी तुलनाही करावयाची नाही. उरला तो केवळ आप्तशब्द, आणि तिच्यापुरता आप्त म्हणजे उपचार करणारा डॉक्टर. कोणता हात, एवढी माहिती डॉक्टरने लिहिली नसेल तर परिचारिकेच्या टिपणावरून घेता येते. निदान मात्र घेता येत नाही. अनुमानाचे दार का बंद असावे, हेही नैयायिकांनी फार पूर्वी सांगून ठेवले आहे. डोंगरावर धूर दिसला म्हणून अग्नी आहे असे म्हणता येते; परंतु आधी तो धूरच आहे, धुके किंवा धूळ नव्हे, हे ठरले पाहिजे. मानसोपचारतज्ज्ञाचा सल्ला हा धूर की धुके? रात्री अपघात होऊन भेदरलेल्या माणसालाही तो सल्ला दिला जाईल. ज्याची निद्रानाशाची जुनी औषधे चालू आहेत त्यालाही दिला जाईल. ज्याची आई गेल्या आठवड्यात वारली त्यालाही दिला जाईल. हैदराबादेतल्या खुर्चीवरून हे निवडता येत नाही.

आणि चुकीच्या निवडीचा भार कोणी वाहावयाचा? कोडरने नव्हे. ‘स्वतःला केलेली इजा’ हा अंक एकदा नोंदीत गेला की तो रोग्याबरोबर राहतो. पुढचा डॉक्टर त्याला भेटण्यापूर्वी तो अंक वाचतो. आपल्या गावात एखाद्या घराला बोल लागला तर तो किती पिढ्या पुसत नाही, हे मी वाचकांना सांगण्याचे कारण नाही. तेथे बोल लावणारी जीभ निदान ओळखीची असते. येथे ती जीभ सात समुद्रांपलीकडची, आणि तिने काय म्हटले हे त्या माणसाला बहुधा कधी कळणारही नाही.

आपल्या देवस्थानांत पावती लिहिणारा कारभारी असतो. एखादा गृहस्थ अभिषेकासाठी मोठी रक्कम देतो आणि नाव सांगतो, ‘एक भक्त’. कारभारी त्याला लहानपणापासून ओळखतो. त्याच्या घरात नुकतेच काय घडले आणि हा अभिषेक कशासाठी, याचाही अंदाज त्याला असतो. तरी तो वहीत ‘एक भक्त’ एवढेच लिहितो. ही नोंद खोटी आहे असे कोणी म्हणत नाही. नाव सांगणे हा देणाऱ्याचा अधिकार, आणि वही त्या अधिकाराच्या मर्यादेत खरी असते.

इथवर मी नियमाची बाजू घेतली. परंतु एवढ्यावर थांबलो असतो तर भाचीची फसवणूक झाली असती, कारण या नियमाच्या आडोशाला एक मोठा आळस सुखाने राहू शकतो. पुस्तकाचा कल जेथे तेथे कमी बोलण्याकडे आहे. मांडीच्या फिमोरल धमनीला छेद गेला एवढेच लिहिले असेल आणि तो पुरा की अपुरा हे लिहिले नसेल, तर तो किरकोळ छेद धरला जातो. कोणती रक्तवाहिनी हे लिहिले नसेल तर एस ६५.९ हा अंक तयारच आहे: ‘निर्दिष्ट न केलेली रक्तवाहिनी’. नोंद अपुरी असली की एक सौम्य, निरुपद्रवी अंक हाताशी असतो. तो लावावा आणि पुढची नोंद घ्यावी. दिवसाकाठी इतक्या नोंदी झाल्याच पाहिजेत असे गणित ज्यांच्या डोक्यावर आहे, त्यांना हा मोह किती पडत असेल! ‘लिहिले नव्हते, म्हणून मी लिहिले नाही’ हे वाक्य संयमी माणसाच्या तोंडी शोभते, आणि तेच वाक्य, अक्षराचाही फरक न करता, कामचुकाराच्या तोंडीही शोभते. बाहेरून दोघांना ओळखण्याची सोय नाही.

उलट दिशेचा मोहही आहेच. धमनी शिवल्याचे देयक आणि नुसती त्वचा शिवल्याचे देयक सारखे नसते. नोंदीत नसलेली धमनी अंकात आणून ठेवणाऱ्यांसाठी अमेरिकेत १८६३ सालापासूनचा, यादवी युद्धातील लबाड पुरवठादारांसाठी केलेला, खोट्या दाव्यांचा कायदा आहे. हा मोह उघड पाप आहे आणि त्याला शिक्षा आहे, म्हणून त्याविषयी मला अधिक लिहावेसे वाटत नाही. ज्या मोहाला शिक्षा नाही त्याचीच चिंता अधिक.

कारण कमी बोलण्याचीही किंमत कोणाला तरी द्यावी लागते. हे अंक केवळ विमेवाल्यांसाठी नाहीत. कोणत्या प्रांतात, कोणत्या वयाची माणसे, कशाने जखमी होत आहेत, हे राज्यकर्त्यांना याच अंकांतून दिसते. दुःखाने ग्रासलेली माणसे डब्ल्यू २५ च्या रकान्यात गेली, तर त्या प्रांताला काचांचा बंदोबस्त सुचेल. माणसांचा सुचणार नाही. आपल्या देशातही हे दुखणे अपरिचित नाही. १८६० च्या भारतीय दंडविधानाचे कलम ३०९ आत्महत्येच्या प्रयत्नाला गुन्हा मानीत असे. जेथे खरे लिहिले की पोलिस दारात येतो, तेथे कुटुंबाने ‘अपघात’ म्हणावे आणि डॉक्टरने तो शब्द उतरवून घ्यावा, यात नवल नव्हते. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याने, जो २९ मे २०१८ पासून अमलात आला, असा माणूस तीव्र ताणाखाली होता असे गृहीत धरून त्याला शिक्षेपासून सोडविले आणि त्याची शुश्रूषा हे शासनाचे कर्तव्य ठरविले. १ जुलै २०२४ पासून आलेल्या न्याय संहितेत ते जुने सर्वसाधारण कलम उरलेले नाही. कायदा बदलला, ‘अपघात’ म्हणण्याची जिभेची सवय मात्र एवढ्यात जाईल असे मला वाटत नाही. वेदनेत असलेल्या माणसाने आपल्या जवळच्यांपाशी खरे बोलावे, असे आपल्याला वाटत असेल, तर त्याच्या खऱ्या बोलण्याला दंड किंवा टोमणा मिळता कामा नये.

मग भाचीने करावे काय? तर्क करू नये, हे ठरले. गप्प राहू नये, हेही ठरले. या दोहोंच्या मध्ये तिच्या धंद्याने एक वाट ठेवलेली आहे आणि मला तर या सर्व प्रकरणात तीच गोष्ट खरोखर धार्मिक वाटते. कोडरने डॉक्टरला प्रश्न पाठवावा. नोंद अपुरी किंवा परस्परविरोधी असेल तर प्रश्न विचारणे हे तिचे कर्तव्यच आहे, असे अमेरिकेतील या व्यवसायाच्या संघटनेची नीतिसंहिता म्हणते. मात्र प्रश्नाला अटी आहेत. प्रश्नात उत्तर सुचविलेले नसावे. अमुक उत्तर दिल्यास पैसे वाढतील किंवा घटतील, असा उल्लेख त्यात येता कामा नये. पर्याय द्यावयाचे तर नोंदीतील खुणांना धरूनच द्यावे, आणि ‘अन्य काही’ व ‘सांगता येत नाही’ यांनाही जागा ठेवावी.

हे ऐकताच मला गोव्यातील आपल्या देवळांतला प्रसाद आठवला. देवाला कौल लावताना मूर्तीच्या अंगावर ठरलेल्या जागी ओल्या पाकळ्या लावतात. साधारणतः उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. स्थानपरत्वे रीत निराळी. पाकळ्या लावणाऱ्या भटजींची सगळी सचोटी बोटांत असते. उजवीकडची पाकळी जरा सैल आणि डावीकडची जरा घट्ट बसविली, तर गाऱ्हाणे घालणाऱ्याला हवा तो कौल मिळेल. पण तो देवाचा नसेल. दोन्ही पाकळ्या सारख्याच ओल्या, सारख्याच दाबाने लावावयाच्या आणि हात मागे घेऊन वाट पाहावयाची. पाकळी पडत नाही तोवर गाभाऱ्याबाहेर तिष्ठत बसलेली माणसे मी पाहिली आहेत. मध्येच उठून ‘पडली असे समजू या’ असे म्हणणारा मात्र पाहिला नाही.

मी भाचीला हे सांगितले तेव्हा ती हसली. “मामा, तुम्हांला वाट पाहणे सोपे वाटते. प्रश्न पाठविला की ती नोंद माझ्या नावावर अडकून राहते. डॉक्टर दोन-दोन दिवस उत्तर देत नाहीत. संध्याकाळी मोजणी होते तेव्हा ती नोंद माझ्या खात्यात नसते.”

यावर मला उत्तर नव्हते. देवापुढे तिष्ठणाऱ्याच्या घटका कोणी मोजीत नाही. हिच्या मोजल्या जातात, आणि त्यांवर हिची वेतनवाढ ठरते. तिच्या जागी मी असतो तर दर वेळी प्रश्न पाठविला असता, असे छातीवर हात ठेवून म्हणवत नाही. नीतिसंहिता लिहिणाऱ्यांनी आणि संध्याकाळची मोजणी करणाऱ्यांनी एकदा समोरासमोर बसावयास हवे होते. ते बसले नाहीत, आणि त्यांच्यातील तंटा चोवीस वर्षांच्या एका मुलीच्या माथी आला.

या पुस्तकातील आणखी एक अक्षर मला अधूनमधून आठवते. सातव्या स्थानी ‘ए’ ऐवजी ‘एस’ लिहिले तर त्याचा अर्थ होतो, जखमेचा मागे राहिलेला परिणाम: बोटांतली बधिरता, पकडीतली कमजोरी, थंडीत दुखणारा वण. हे अक्षर जखमेनंतर किती दिवसांपर्यंत वापरावे, याला नियमावलीत मुदत घातलेली नाही. वीस वर्षांनीही ते लावता येते. पण तेव्हा त्या जखमेचा अंक पुन्हा लिहावा लागतो, आणि पहिल्या दिवशी कोणी काय लिहिले, काय विचारले, काय सोडून दिले, ते पुन्हा समोर येते.

दिवाळीला ती आली तेव्हा मी सहज म्हटले, “तुझ्या त्या ‘समजा’चे काय झाले?”

“प्रश्न पाठवला,” ती म्हणाली. “चौथ्या दिवशी उत्तर आले.”

काय आले ते तिने सांगितले नाही. मीही विचारले नाही. ती फराळाचे ताट घेऊन आजीकडे गेली.